मशीन चालू आहे का बंद, पायथनला विचारा

प्रश्न: हिंगणा एमआयडीसीत आमचं छोटं वर्कशॉप आहे, फानुक कंपनीच्या कंट्रोलरच्या सीएनसी लेथ (संगणकी प्रोग्रॅमवर चालणारी कातकामाची मशीनं) आहेत. रात्रपाळीत किती जॉब निघाले, मशीन किती वेळ उभं राहिलं, हे पायथन या प्रोग्रॅमिंग भाषेनं कळेल का? आणि मशीन त्यातूनच चालवता येईल का?

उत्तर: कळेल ना भाऊ, आणि नक्की करा. आधी मागचं पॅनल उघडून इथरनेट पोर्ट आहे का ते बघा, असेल तर फानुकची फोकास लायब्ररी, म्हणजे मशीनशी बोलायचं तयार सॉफ्टवेअर लागतं, नेटवर्क कनेक्शन सहसा ८१९३ या पोर्ट नंबरवर होतं. पायथनमधून सीटाइप्स या मोड्यूलनं लायब्ररीची डीएलएल फाइल लोड करायची, पण ती ३२ बिटची असेल तर पायथनही ३२ बिटचंच पाहिजे, इथंच पुष्कळ लोक अडकतात न् मशीनला दोष देतात. मग दर सेकंदाला स्टेटस वाचायचं, बदललं की वेळेसकट एसक्यूलाइट या छोट्या डेटाबेसमध्ये टाकायचं. जॉबचा आकडा कंट्रोलरच्या पॅरामीटर ६७११ मध्ये असतो, फक्त तुमच्या प्रोग्रॅममध्ये काउंट कुठल्या एम कोडवर (M नं सुरू होणाऱ्या मशीनच्या आज्ञेवर) वाढतो ते तपासून घ्या, नाहीतर हिशोब चुकेल.

चालवायचं म्हणाल तर माझं मत स्पष्ट आहे, सायकल स्टार्ट, म्हणजे मशीनचं काम सुरू करणारं बटण, पायथन स्क्रिप्टच्या हातात देऊ नका. नेटवर्क अडखळलं आणि जॉब पकडून फिरणाऱ्या चकजवळ ऑपरेटरचा हात असला तर? प्रोग्रॅम पाठवा, कंट्रोलरच्या ५०० च्या पुढच्या मॅक्रो व्हेरिएबलमध्ये (आकडे साठवायच्या जागांमध्ये) ऑफसेटचा, म्हणजे मापातल्या दुरुस्तीचा आकडा लिहा, पण बटण माणसानंच दाबायचं, आणि इमर्जन्सी स्टॉप वायरिंगवरच राहू द्या.