शेजारचा माग, पागोळ्या आणि मराठीतला अर्ज

प्रश्न: बेळगावच्या वडगावात आमच्या भिंतीला लागूनच शेजाऱ्यांचे दोन यंत्रमाग आहेत. रात्री बारा-एकपर्यंत चालतात. आईला रक्तदाबाचा त्रास. पोलिसांनी ‘एनसी’ लिहून घेतली, पुढे काहीच नाही.

उत्तर: एनसी म्हणजे अदखलपात्र तक्रार. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेला कायदा) कलम १७४ प्रमाणे मॅजिस्ट्रेटच्या हुकमाशिवाय पोलिसांना तिचा तपास करता येत नाही. तरी प्रत मागून घ्या. तुम्ही वेळीच तक्रार केली होती, याचा तो पुरावा आहे.

आता दोन वाटा आहेत. त्रास गल्लीतल्या चार-पाच घरांना असेल तर सगळ्यांच्या सह्या घेऊन याच संहितेच्या कलम १५२ खाली कार्यकारी दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करा. हे कलम सार्वजनिक उपद्रवासाठी आहे; एकाच घराचं गाऱ्हाणं तिथे टिकत नाही. त्रास फक्त तुम्हालाच असेल तर दिवाणी कोर्टात मनाईचा दावा लावा आणि त्याच्यासोबतच तात्पुरत्या मनाईचा अर्जही द्या. २००० सालच्या ध्वनिप्रदूषण नियमांत राहत्या वस्तीसाठी दिवसा ५५ आणि रात्री १० ते सकाळी ६ या वेळेत ४५ डेसिबल ही मर्यादा आहे. आवाज तिच्यापेक्षा १० डेसिबल किंवा जास्त असेल तर नियमांखालीच तक्रार करता येते. तुमचा भाग कोणत्या वर्गात मोडतो हे आधी बघा, कारण व्यापारी किंवा औद्योगिक भागाची मर्यादा वेगळी असते.

आजपासून एका वहीत तारीख आणि माग सुरू-बंद झाल्याची वेळ लिहा. आईची डॉक्टरांची कागदपत्रं जपून ठेवा. आणि एक मनापासून सांगतो: वडगाव-खासबागेत माग म्हणजे कुणाच्या तरी घरची चूल. ‘माग बंद करा’ असं मागू नका. रात्री १० नंतर बंद ठेवा, खाली रबरी पॅड घाला, एवढंच मागा. अशा मागणीवर समोरचाही बोलायला बसतो.

प्रश्न: खानापूरजवळच्या आमच्या गावात शेजाऱ्यांनी कौलं काढून पत्रा घातला. पत्रा आमच्या बाजूला हातभर पुढे आलाय. पावसाळ्यात सगळं पाणी आमच्या भिंतीवर. ते म्हणतात, पन्नास वर्षं पागोळ्या इथेच पडतात.

उत्तर: त्यांचं अर्धं खरं आहे. सुविधाधिकाराच्या (म्हणजे दुसऱ्याच्या जागेचा ठरावीक वापर करण्याच्या हक्काच्या) १८८२ च्या कायद्यानुसार २० वर्षं उघडपणे, हक्काने आणि अखंड पडत आलेल्या पागोळ्यांचा हक्क तयार होऊ शकतो. तुमच्या आजोबांनी ‘पडू दे, आपलाच माणूस’ म्हणून परवानगी दिली असेल तर मात्र नाही. शिवाय जुना हक्क असला तरी त्याचा तुमच्या जागेवरचा बोजा वाढवता येत नाही. पूर्वी कौलांवरून ठिबकणारं पाणी आता पत्र्यावरून एकदम कोसळत असेल, तर तुमचा मुद्दा तिथेच आहे. शिवाय पत्रा तुमच्या हद्दीत आला असेल तर तो अतिक्रमणाचा वेगळा प्रश्न.

दावा लावलात तर जागा पाहून अहवाल देणारा कोर्ट कमिशनर नेमावा असा अर्ज पावसाळ्यातच द्या. ओल मे महिन्यात दिसत नाही. आणि त्याआधी पन्हळ बसवायचा अर्धा खर्च देऊ करून बघा. मी स्वतः तेच करीन.

प्रश्न: सरकारी कचेरीत मराठीत अर्ज दिला, तर ‘कन्नडमध्ये लिहून आणा’ म्हणाले.

उत्तर: राज्यघटनेच्या कलम ३५० प्रमाणे गाऱ्हाणं दूर करण्यासाठीचा अर्ज संघात किंवा राज्यात वापरात असलेल्या कोणत्याही भाषेत देता येतो. हातात घेत नसतील तर पोचपावतीच्या टपालाने वरिष्ठांकडे पाठवा. सोबत कन्नड भाषांतर जोडलंत तर काम लवकर होतं. त्यात कमीपणा काही नाही. मात्र न समजणाऱ्या भाषेतल्या कागदावर सही करू नका. आधी वाचून अर्थ सांगायला लावा. कोर्टात साक्षही मराठीतच द्या.

प्रश्न: दावा चालू आहे, आता मिटवायचं म्हटलं तर?

उत्तर: लोकअदालतीत ठेवा. तिथला निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच बंधनकारक असतो, त्यावर अपील होत नाही आणि भरलेली कोर्ट फी परत मिळते. वकिलाची अडचण असेल तर महिलांना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. जिल्हा कायदा सेवा प्राधिकरणात अर्ज करा.