विहिरीत दोन मिनिटं दम धरतो, मोठ्या लाटांच्या सर्फिंगसाठी बोर्ड कोणता घेऊ?

वर्ध्याकडच्या खेड्यात राहता, विहिरीच्या तळाची माती मुठीत घेऊन वर येता, आणि पोर्तुगालच्या किनाऱ्यावरच्या नाझरेसारख्या राक्षसी लाटांसाठी बोर्ड विचारता. बोर्डाचं नंतर सांगतो भाऊ, आधी त्या विहिरीचं.

"माती आणली की गडी पट्टीचा" हे आमच्याकडे पारावर ठरलेलंच असतं. मला ते कधीच पटलं नाही. बुडी मारण्याआधी काठावर बसून वीस-तीस श्वास भराभर घेतात, तिथंच घात होतो. त्यानं रक्तातला प्राणवायू फारसा वाढत नाही, कार्बन डायऑक्साइड मात्र उतरतो. श्वासासाठी जीव तडफडतो तो कार्बन डायऑक्साइड वाढल्यामुळे. तोच कमी केला, की प्राणवायू संपत आला तरी बरं वाटत राहतं. वर येताना पाण्याचा दाब उतरतो आणि शुद्ध हरपते. ना आवाज, ना हातपाय झाडणं. काठावरचे म्हणतात, काय दम आहे गड्याचा! पाणी हिरवं, भिंती उभ्या. बेशुद्ध माणूस वर काढणार कसा?

आणि लाटेखाली शांत बसून दम धरायला मिळतच नाही. मोठी लाट अंगावर फुटली की साधारण 10 ते 20 सेकंद खाली राहावं लागतं, लागोपाठ दुसरी आली तर 30-40. पण तेव्हा छाती धडधडत असते, पुरता श्वास घेतलेला नसतो, आणि फेसात इतकी हवा मिसळलेली असते की हाताला पाणी लागत नाही, अंग तरंगत नाही. नाझरेला समुद्राखालची खोल दरी किनाऱ्याला येऊन भिडते, म्हणून लाट एवढी उंचावते. 2013 मध्ये ब्राझीलची सर्फर माया गबेरा तिथं बेशुद्ध झाली. सोबत्यानं किनाऱ्यावर ओढून आणलं, छाती दाबून श्वास परत आणला. 2020 मध्ये तिनं तिथंच 22.4 मीटरची लाट घेतली. सोबती नसता तर?

सराव कोरड्यावर करा. अंथरुणावर पडून, कमाल दम दोन मिनिटं असेल तर एकच मिनिट धरा, मग दोन मिनिटं विश्रांती. दर फेरीला विश्रांती 15 सेकंदांनी कमी, अशा आठ फेऱ्या. दुसरा प्रकार जास्त कामाचा: मोकळ्या गवतावर शंभर मीटर पळा, दोन श्वास घ्या, 15 सेकंद दम धरून चाला. डोळ्यापुढं अंधारी आली की लगेच खाली बसा. पाण्यात करायचं तर तलावावर, शिकलेल्या जोडीदारासोबत. एक खाली, एक वर. वर आल्यावरही अर्धा मिनिट त्याच्यावरून नजर हटवायची नाही, शुद्ध बरेचदा वर आल्यावरच जाते.

आता बोर्ड. विकत घेऊच नका. कर्नाटकात मुल्की किंवा चेन्नईजवळचं कोवलम, तिथं आठ-नऊ फुटी फोमचा भाड्यानं घ्या. मुल्कीला पावसाळ्यात जाऊ नका. नाझरेत जेटस्कीनं ओढून नेतात तो बोर्ड सहा फुटांच्या आसपास, पायपट्ट्यांचा, मुद्दाम जड केलेला. हातानं वल्हवत मोठी लाट पकडायची तर नऊ-दहा फुटी 'गन', म्हणजे लांब, निमुळता बोर्ड. काही वर्षं दोन्ही तुमच्या कामाचे नाहीत.

हो, दमा, मिरगी किंवा हृदयाचा त्रास असेल तर अंथरुणावरचा सरावही डॉक्टरांना विचारल्याशिवाय नको. आणि गाडी चालवता चालवता दम धरू नका. करतात लोक.