‘ब्लेविटी’मधली ई कोणाची?

मेळघाटात वनरक्षक असलेल्या एका ताईंचा प्रश्न आला आहे. त्या विचारतात: “गुरुजी, आमच्या नाक्याजवळ रानपिंगळ्याचा फलक लागला. मराठी नावाखाली ‘अथीनी ब्लेविटी’ असं लिहिलं आहे. गावातले पोट्टे विचारतात, वऱ्हाडी म्हणजे वऱ्हाडचा, तसं ब्लेविटी म्हणजे ब्लेविट नावाच्या गावचा का? माझा एक सहकारी म्हणतो की ‘ब्लेविटाय’ म्हणायचं असतं. बरोबर काय?”

ताई, आधी उत्तर देतो. ब्लेविट हे गाव नाही, माणूस आहे. आणि ती ई आपल्या वऱ्हाडीतली ई नाही. शास्त्रीय नावं लॅटिनच्या व्याकरणानं चालतात, आणि ती लॅटिनची षष्ठी विभक्ती आहे. ‘ब्लेविटी’ म्हणजे ‘ब्लेविटचा’.

एफ. आर. ब्लेविट यांना १८७२ साली बसना-फुलझर भागात, म्हणजे आजच्या छत्तीसगडात, या पिंगळ्याचा नमुना मिळाला. पुढच्या वर्षी पक्षितज्ज्ञ ॲलन ह्यूम यांनी त्याचं शास्त्रीय वर्णन छापलं आणि नमुना देणाऱ्याचं नाव पक्ष्याला दिलं. १८८४ नंतर शंभराहून अधिक वर्षं हा पक्षी खात्रीनं कोणाला दिसला नाही, तो संपला असंच धरलं गेलं. मग नोव्हेंबर १९९७ मध्ये आजच्या नंदुरबार जिल्ह्यात, शहाद्याजवळच्या सातपुड्याच्या पायथ्याशी तो पुन्हा सापडला. पुढे तुमच्या मेळघाटातही त्याचा चांगला वावर असल्याचं दिसून आलं. ज्या पक्ष्याची वाट एवढी पाहावी लागली, त्याच्या नावातलं एक अक्षर पोरांना खटकलं, याचा मला मनापासून आनंद झाला.

पोरांचा तर्कही चुकीच्या दिशेचा नाही. मराठीतली ई गावाला लागते तशी माणसालाही लागते. नागपुरी संत्रं, वऱ्हाडी बोली आणि तसाच रामदासी बुवा, भीमसेनी कापूर. म्हणून ‘ब्लेविटी’ ऐकल्यावर मराठी कान ‘रामदासी’च्या बाजूला वळतो. २०२१ मध्ये ठाणे-कल्याण परिसरातल्या एका उड्या मारणाऱ्या कोळ्याला ‘इशियस तुकारामी’ हे नाव मिळालं, तेव्हाही तसंच झालं असणार. मुंबईवरच्या हल्ल्यात २००८ साली प्राण देणाऱ्या तुकाराम ओंबळे यांच्या स्मरणार्थ ते नाव आहे. वाचताना वाटतं की हे ‘रामदासी’सारखं विशेषण आहे. पण त्याचा अर्थ ‘तुकारामांचा’ असा आहे.

दोन्ही ईंमधला फरक कशावरून ओळखायचा? यासाठी आपल्या सरड्याइतकं चांगलं उदाहरण मला दुसरं सापडलेलं नाही. गळ्याखाली रंगीत पंखा फुलवणाऱ्या काही सरड्यांसाठी २०१६ मध्ये संशोधकांनी नवा वंश मांडला आणि त्याला चक्क मराठी शब्द दिला: ‘सरडा’. (वंश म्हणजे जवळच्या जातींचा गट, शास्त्रीय नावातला पहिला शब्द. काही मराठी पुस्तकं त्याला प्रजाती म्हणतात. मी इथे वंश म्हणतो.) त्या वंशात तेव्हा तीन जाती धरल्या: सरडा सुपर्बा, सरडा डेक्कनेन्सिस, सरडा डार्विनी. तिन्ही नावांचं व्याकरण वेगवेगळं आहे.

‘सुपर्बा’ हे साधं विशेषण, म्हणजे देखणी. लॅटिनमध्ये विशेषण नामाच्या लिंगाप्रमाणे बदलतं. ‘सरडा’ हा शब्द आकारान्त, आणि अशी नामं लॅटिनमध्ये बहुधा स्त्रीलिंगी असतात. त्यामुळे आपल्याकडचा तो सरडा लॅटिनमध्ये गेल्यावर ती सरडा झाली आणि ‘सुपर्बस’ऐवजी ‘सुपर्बा’ आलं. ‘डेक्कनेन्सिस’मधलं ‘-एन्सिस’ हे गावाला किंवा मुलखाला लागतं. दख्खनी सरडा. वऱ्हाडी, नागपुरीमधल्या ईचं काम लॅटिनमध्ये बहुतेक वेळा हा प्रत्यय करतो, तेव्हा पोरांना हवी असलेली ई इथे आहे. आणि तिसरा ‘डार्विनी’. वंशाचं नाव स्त्रीलिंगी असूनही या शब्दाला त्याची काहीच फिकीर नाही. डार्विन पुरुष, म्हणून शेवटी ई. सरडा नर की मादी, याचा संबंध नाही.

इथे मराठी माणसाला थोडं थांबावं लागतं, कारण आपली षष्ठी उलट्या दिशेनं चालते. आपण म्हणतो ब्लेविटचा पिंगळा, ब्लेविटची बंदूक, ब्लेविटचं पत्र. चा, ची, चं ठरतं ते पुढच्या वस्तूवरून. ब्लेविट बाई असती तरी ‘चा’च राहिला असता, कारण पिंगळा पुल्लिंगी. म्हणजे आपला ‘चा’ मालकाला लागलेला असतो, पण पाहतो मालाकडे. लॅटिनची षष्ठी मालकाकडेच पाहते. संस्कृतही तसंच करतं. शाळेत घोकलेलं आठवा: रामस्य गृहम्, रामस्य माला. गृह नपुंसक, माला स्त्रीलिंगी, तरी ‘रामस्य’ हललं नाही. पण मालक बदलून जानकी झाली की लगेच ‘जानक्याः गृहम्’.

लॅटिनमध्ये जानकीचं काय होतं, तेही दाखवता येतं. दक्षिणेकडच्या सह्याद्रीतल्या एका पालीला २०१९ मध्ये ‘द्रविडोगेको जानकिए’ असं नाव मिळालं. ते वनस्पतिशास्त्रज्ञ जानकी अम्मल यांच्यासाठी आहे. उसाच्या गुणसूत्रांवर त्यांनी कोइमतूरला काम केलं होतं. शब्दाच्या शेवटी ई नाही, ए आहे. बाईच्या नावाला ए, पुरुषाच्या नावाला ई. अनेकांच्या नावे असेल तर ‘-ओरुम’, आणि साऱ्या बायकाच असतील तर ‘-आरुम’. मराठीत ‘जानकीची पाल’ म्हटलं तर त्या ‘ची’वरून जानकीबद्दल काहीच कळत नाही, पाल स्त्रीलिंगी आहे एवढंच कळतं.

आदराचं एक वळणही लक्षात ठेवायला हवं. आपण ‘तुकाराम ओंबळ्यांचा कोळी’ म्हणू, ‘ओंबळ्याचा’ म्हणवणार नाही. मराठीत आदर अनेकवचनानं दाखवतात. लॅटिनमध्ये तशी सोय नाही, ‘तुकारामी’ हे निव्वळ एकवचन आहे. नाव देणं हाच तिथला मान.

विशेषणाचा गोंधळ पोरांना समजावायचा असेल तर सरडाही नको, घरचीच उदाहरणं घ्या. आंबा ‘मँजिफेरा इंडिका’, आपली गाय ‘बॉस इंडिकस’, तीळ ‘सेसामम इंडिकम’. शब्द एकच, भारतीय. पण काळी-काळा-काळं यांसारखी तीन रूपं. आता रानपिंगळा बघा. ह्यूमनं त्याला ‘हेटेरोग्लॉक्स’ वंशात घातलं होतं, पुढे तो ‘अथीनी’त गेला. वंश बदलला, ‘ब्लेविटी’ मात्र होतं तसंच राहिलं.

आपल्या चंद्रपुरातही हेच घडलंय, तेही दगडात. वरोऱ्याकडच्या डोंगरगावच्या टेकडीत एका अजस्र डायनोसॉरचे अवशेष मिळाले. अमेरिकी जीवाश्मतज्ज्ञ एडविन कोलबर्ट यांच्या नावे १९९७ मध्ये त्याला ‘टायटॅनोसॉरस कोलबर्टी’ म्हटलं गेलं. २००३ मध्ये वंश वेगळा ठरला आणि तो ‘इसिसॉरस कोलबर्टी’ झाला. त्यातलं ‘इसि’ म्हणजे कोलकात्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या इंग्रजी नावाची आद्याक्षरं. पुढचा अर्धा भाग बदलला, कोलबर्टची षष्ठी जागची हलली नाही.

कधीकधी शेवटी दोन ई दिसतात. बारशिंग्याच्या ‘डुव्हॉसेलिई’त, राखी रानकोंबड्याच्या ‘सोनेराटिई’त. तिथे डुव्हॉसेल, सोनेरा या फ्रेंच नावांना आधी ‘-इउस’ जोडून लॅटिन केलं आणि मग षष्ठी लावली. सलीम अलींच्या नावाच्या वटवाघळात, ‘लॅटिडेन्स सलीमअलिई’मध्ये, मात्र पहिली ई अलींच्या घरचीच आहे.

आता ‘ब्लेविटाय’. तुमचे सहकारी चूक नाहीत. इंग्रजीतून शिकलेले लोक ती ई ‘आय’ अशी उच्चारतात, ती तिकडची रूढी आहे. गंमत अशी की त्याच रूढीत बाईच्या नावाचा ‘ए’ हा ‘ई’ म्हणून उच्चारतात. म्हणजे पुरुषाचा आय, बाईची ई. मराठीत लिहिताना आपण ई आणि ए असेच लिहावेत असं माझं ठाम मत आहे. आपली लिपी उच्चार लिहिते. ‘डार्विनी’ आणि ‘जानकिए’ असं लिहिलं की व्याकरण डोळ्यांना दिसतं. इंग्रजी उच्चार देवनागरीत आणले तर ‘जानकिई’ होऊन तीही पुरुषांच्या रांगेत जाऊन बसेल.

आतापर्यंत सगळं दुसऱ्या शब्दाबद्दल झालं. पण माणसं पहिल्या शब्दातही असतात, आणि तिथे षष्ठी नसते. तिथे माणसाच्याच नावाला आकारान्त करून वंशाचं नाव करतात. तुमच्या जंगलात अशी झाडं पावलोपावली आहेत. पळस हा ‘ब्युटिया’, ब्यूटचा अर्ल या ब्रिटनचा पंतप्रधान राहिलेल्या वनस्पतिप्रेमी उमरावावरून. दसऱ्याचा आपटा ‘बाउहिनिया’. योहान आणि कास्पर बाउहिन हे दोघे भाऊ वनस्पतिशास्त्रज्ञ होते, आणि आपट्याचं पान देठाशी जुळलेलं, टोकाशी दोन फाकांचं. माझ्या माहितीत माणसाचं नाव झाडाला इतकं नेमकं दुसरीकडे कुठे बसलेलं नाही.

पण मला सगळ्यात जवळचं झाड कुंभी. तिचं शास्त्रीय नाव ‘केरिया आर्बोरिया’. हा केरी म्हणजे बंगालमधल्या श्रीरामपूरचा (सेरामपूरचा) मिशनरी विल्यम केरी. त्यानं १८०५ मध्ये मराठीचं व्याकरण छापलं आणि १८१० मध्ये वैजनाथ पंडितांच्या मदतीनं मराठी-इंग्रजी कोश मोडी टाइपात काढला. छापलेला मराठी कोश ही वस्तूच तेव्हा नवी होती. केरीला झाडांचाही तितकाच नाद होता. विल्यम रॉक्सबर्ग या वनस्पतिशास्त्रज्ञाच्या भारतीय वनस्पतींवरच्या ग्रंथाचं संपादन त्यानंच करून तो छापला. केरिया हे नाव रॉक्सबर्गनंच दिलेलं. मी चाळीस वर्षं मराठी शिकवली आणि कुंभीच्या सावलीत कैकदा डबा खाल्ला, पण त्या झाडावर आपल्या भाषेच्या एका जुन्या कोशकाराचं नाव आहे, हे कळायला मला निवृत्ती उजाडली. पुढच्या वेळी पानगळीआधी लाल झालेली कुंभी दिसली की पोरांना हे नक्की सांगा.

कधी माणसाचं नाव जातं आणि आपला शब्द येतो. मोह जुन्या पुस्तकांत ‘बॅसिया लॅटिफोलिया’ आहे, बोलोन्याच्या फर्डिनांडो बॅसी या शास्त्रज्ञावरून. पण त्याच्याच नावानं दुसऱ्या एका रोपाची नोंद आधीच झालेली होती, म्हणून हे नाव टिकलं नाही. आज मोह ‘मधुका’ आहे, म्हणजे संस्कृतातला मधूक.

शेतातल्या वाणांना यातलं काही लागू होत नाही. वाणाचं नाव लॅटिनमध्ये ठेवायचंच नाही, चालत्या भाषेत ठेवायचं, असा नियम १९५९ पासून आहे. म्हणून नागभीड तालुक्यातल्या नांदेड गावच्या दादाजी खोब्रागड्यांनी निवडून वाढवलेलं धान मनगटी घड्याळावरून ‘एचएमटी’ झालं, आणि त्यांच्याच आद्याक्षरांचं ‘डीआरके’ही आलं. ई नाही, ए नाही. पण धुऱ्यावर उभा राहून कोणी “डीआरके लावलं” म्हणतो, तेव्हा दादाजींचंच नाव घेतलं जातं. एखाद्या जंगली भातालाही कधी त्यांची षष्ठी लागावी, असं मला फार वाटतं. ‘खोब्रागडेई’ म्हणायला जीभ थोडी अडखळेल, पण सोनेराटिई म्हणणाऱ्यांना ते जमेल.

तर ताई, फलकाचं. मोठ्या अक्षरांत ‘रानपिंगळा’ राहू द्या, ते नाव इथल्या लोकांचं आहे आणि पक्ष्याला शोभतं. त्याखाली ‘अथीनी ब्लेविटी’ तिरप्या अक्षरांत असावं. जागा उरली तर आणखी एक ओळ घाला: ‘ब्लेविटी म्हणजे ब्लेविट यांचा’. शेजारच्या कुंभीला अजून पाटी नसेल तर कळवा, मजकूर मी लिहून देतो.