'माजी' खेळाडू, मग 'आजी' प्रशिक्षक?

दारव्हा तालुक्यातल्या एका वाचकाचा प्रश्न आहे. गावच्या टेनिस बॉल स्पर्धेच्या फ्लेक्सवर पाहुण्यांच्या नावाखाली छापलं होतं, 'माजी क्रिकेटपटू व आजी प्रशिक्षक'. शाळेतल्या सरांनी 'आजी'वर बोट ठेवलं, पोरं खो खो हसली. पण 'आजी-माजी विद्यार्थी मेळावा' चालतो, तर हे का नाही?

अर्थाच्या दृष्टीनं फ्लेक्सवाल्याचं काही चुकलेलं नाही. हा 'आजी' आला 'आज'वरून, म्हणजे आजचा, सध्याचा. 'माजी' मूळ अरबी, आपल्याकडे फारसीमार्गे आला. उर्दूत 'माज़ी' म्हणजे आजही भूतकाळच. दोघांची कुळं वेगळी, पण यमक जुळलं आणि जोडी जमली. फरक एवढाच की 'माजी' एकट्यानं फिरतो, 'आजी'ला मात्र जोडीदार लागतो. 'आजी आमदार' कुणी लिहीत नाही. फ्लेक्सवर 'माजी' आहे खरा, पण मध्ये 'क्रिकेटपटू व' येऊन बसल्यामुळे जोडी तुटली आणि पोरांना नऊवारीतली आजी दिसली. 'विद्यमान' शुद्ध आहे, पण त्याला सरपंच-आमदारांचा वास येतो. मी 'सध्याचे प्रशिक्षक' लिहीन. बोलताना वऱ्हाडी माणूस या भानगडीत पडतच नाही. तो सरळ म्हणतो, "पह्यले सोता खेये, आता पोरायले शिकवते."

माझ्या मते 'आजी'पेक्षा 'माजी'नंच जास्त घोळ घातलाय. वर्तमानपत्रांत सर्रास 'माजी भारतीय क्रिकेटपटू' छापतात. म्हणजे गड्यानं नागरिकत्व सोडलं की काय? 'भारताचे माजी क्रिकेटपटू' लिहायला असा किती वेळ लागतो!

जुनी हकिकत सांगताना तर 'सध्याचे' आणि 'विद्यमान' दोन्ही निकामी होतात. चंद्रकांत पंडित यांचंच घ्या. भारताकडून 5 कसोटी आणि 36 एकदिवसीय सामने खेळलेला हा यष्टिरक्षक प्रशिक्षक म्हणून विदर्भात आला आणि 2017-18 व 2018-19 असा सलग दोनदा रणजी करंडक आपल्याकडे आला. पुढे ते मध्य प्रदेशाकडे गेले. तिथले ते जुने कर्णधार. 1998-99 चा अंतिम सामना त्यांच्या नेतृत्वाखाली बंगळुरूत कर्नाटकाकडून हरले होते. 2022 मध्ये त्याच मैदानावर त्यांच्याच प्रशिक्षणाखालच्या संघानं मुंबईला हरवून करंडक जिंकला. त्या दिवसाबद्दल आज लिहायचं तर 'मध्य प्रदेशाचे माजी कर्णधार आणि तत्कालीन प्रशिक्षक' असंच हवं. विदर्भानं 2024-25 मध्ये केरळविरुद्ध तिसऱ्यांदा करंडक जिंकला, तेव्हाचे प्रशिक्षक उस्मान गनी हेही विदर्भाचे माजी खेळाडू. तिथंही 'तत्कालीन'च बसतं.

'माजी' आणि 'निवृत्त' एकच का, असंही याच वाचकानं जाता जाता विचारलंय. नाही. 'निवृत्त' म्हणजे ते कामच थांबलं. 'माजी' म्हणजे ते पद किंवा तो संघ सुटला. मास्तर निवृत्त होतो, सरपंच माजी होतो. ('माजी सैनिक' हा अपवाद, पण तो इतका रुळलाय की त्याला हात लावू नये.) म्हणून पंडित खेळाडू म्हणून निवृत्तही आहेत आणि माजीही, पण विदर्भ सोडून मध्य प्रदेशात गेले तेव्हा ते विदर्भाचे माजी प्रशिक्षक झाले, निवृत्त प्रशिक्षक नव्हे.