काचेवरचा पांढरा ठिपका

चि. बाळास अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र दोनदा वाचलं. पंचविशी आली तरी ‘करेज’ या भित्र्या कुत्र्याच्या कार्टूनमधला तो इजिप्तच्या रामसेस राजाचा भुताळी आकार आठवला की पाय पांघरुणात ओढून घेतेस आणि हे सांगायची लाज वाटते, असं लिहिलंयस. लाज कशाला? त्या भागात बाकी सगळी चित्रं साधी, सपाट. तो एकटाच संगणकावर घडवलेला, ताठ, हेलकावत उभा. हा आपल्यातला नव्हे, हे लहान पोराला बरोबर कळतं. तुझा डोळा चुकला नव्हता.

माझा वाघ होता. १९९३ साली दूरदर्शनवर रविवारी सकाळी ‘जंगल बुक’ लागायचं. चित्रं जपानी, बोलणं हिंदी, शेरखानला नाना पाटेकरांचा आवाज. बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूरजवळ आत्याच्या घरी गल्लीतली सगळी पोरं जमिनीवर बसायची. भीमगडच्या रानातल्या पट्टेरी वाघाच्या गोष्टी आजोबांकडून ऐकलेल्या, त्यामुळं शेरखान काही परमुलखातला वाटायचा नाही. एकदा त्यानं तोंड उघडलं आणि लाईट गेली. चित्र आक्रसून मधोमध पांढरा ठिपका झालं, विझलं. वाघ त्यातून आत शिरून टीव्हीमागं बसलाय, अशी माझी खात्रीच झाली. कित्येक दिवस रात्री परसात एकटा गेलो नाही.

रामसेसचा तो भाग परत बघू का, विचारतेस. बघ, पण आधी लिहून काढ. एकदा बघितलास की तुझ्या आठवणीवर तो चढून बसेल, मग मूळचं हाती लागणार नाही. खोली लिही, वेळ लिही, आई कुठं होती ते लिही. घरात मराठी, बाहेर कन्नड, टीव्हीवर हिंदी. त्यातलं तेव्हा किती कळायचं, हे तर जरूर लिही. शब्द अर्धे कळायचे, आवाज मात्र पूर्ण पोचायचा. मला वाटतं, भीतीचं मूळ तिथंच आहे.

आणि तुझा भाचा मोबाईल बघताना दचकला तर ‘खोटं असतं रे ते’ म्हणू नकोस. मला सगळ्यांनी तेच सांगितलं, काही उपयोग झाला नाही. पावसाळ्यात पुन्हा एका रविवारी लाईट गेली, घरात दिवसाही अंधार. आत्यानं कंदील लावला, माझा हात धरून टीव्हीच्या काचेजवळ नेला. काच कोमट होती. हातावरचे केस उभे राहिले.

“माझेपण बघ,” म्हणाली. मग कंदील टीव्हीमागं धरला. धूळ, वायरी आणि एक पाल.