उत्तर : 'फारलॅपचा मुलगा' शोधताय? आधी एक शब्द नीट वाचा

तुमचा प्रश्न वाचता वाचता चहा गार झाला माझा. आजोबांच्या पत्र्याच्या पेटीत घोड्याचा फोटो, मागे शाईने 'फारलॅपचा मुलगा, मुंबई, १९३८', आणि आता त्या घोड्याची वंशावळ हवी आहे. एका कार्यालयात तीन खेपा झाल्या, शोधशुल्क भरलं, उत्तर नाही. अहो, ही माझीच गोष्ट आहे. माझ्या आईचे वडील पुण्यात मोतद्दार, म्हणजे घोड्यांची निगा राखणारे, होते आणि आमच्या फोटोमागे लिहिलं होतं, 'फारलॅपचं पोर'.

उत्तर आधी देऊन टाकते, कहाणी नंतर. फारलॅप म्हणजे १९३० च्या आसपास ऑस्ट्रेलियात गाजलेला शर्यतीचा घोडा. त्याला मुलगा नव्हता. असणं शक्यच नव्हतं. तो खच्ची केलेला घोडा होता.

आता तुम्ही म्हणाल, एवढी साधी गोष्ट कुठेच कशी लिहिलेली नाही? लिहिलेली आहे हो. त्याच्याबद्दलच्या कुठल्याही इंग्रजी मजकुराच्या पहिल्या दोन ओळींत असते, 'चेस्टनट गेल्डिंग'. मी ते शंभर वेळा वाचलं असेल. पण मला वाटलं गेल्डिंग म्हणजे रंगाचीच काहीतरी छटा. आपण नाही का काळाभोर, पांढराशुभ्र म्हणत, तसं चेस्टनट गेल्डिंग म्हणजे सोनेरी झाक असलेला तांबूस! 'गोल्ड'सारखं ऐकू येतं ना. बँकेत एकतीस वर्षं काढली, कर्जाच्या कागदावरचं बारीक अक्षर लोकांना वाचून दाखवलं, आणि हा एक शब्द शब्दकोशात बघितला नाही. चौदा महिने गेले.

त्या चौदा महिन्यांत बाकी सगळं मात्र पाठ झालं. जन्म ४ ऑक्टोबर १९२६, न्यूझीलंडमध्ये टिमारूजवळ. बाप नाइट रेड, आई एन्ट्रीटी. लिलावात १६० गिनींना गेला. हॅरी टेलफर्ड या ट्रेनरने नुसती वंशावळ वाचून तो घ्यायला लावला होता. पैसे डेव्हिस नावाच्या अमेरिकन व्यापाऱ्याचे, आणि सिडनीला उतरलेलं ते हाडकुळं शिंगरू पाहून डेव्हिस इतका भडकला की त्याने प्रशिक्षणाचा खर्च करायलाच नकार दिला. मग टेलफर्डने घोडा तीन वर्षांच्या कराराने स्वतःकडे घेतला. पहिल्या चार शर्यतींत काही नाही. पाचवी १९२९ च्या एप्रिलमध्ये रोजहिलला जिंकला आणि तिथून गाडी सुटली. एकूण ५१ शर्यती, ३७ विजय. त्यात सलग १४. नोव्हेंबर १९३० मध्ये फ्लेमिंग्टनला एका आठवड्यात चार शर्यती जिंकला. त्यातलीच एक मेलबर्न कप, ऑस्ट्रेलियातली सगळ्यात मानाची शर्यत, तीही पाठीवर ६२.५ किलो घेऊन, आणि पहिल्या शर्यतीच्या सकाळीच कुणीतरी त्याच्यावर गोळी झाडलेली असताना! पुढच्या वर्षी त्याच कपसाठी त्याच्यावर ६८ किलो वजन लादलं, आठवा आला. हँडिकॅप शर्यतीत चांगल्या घोड्याला जास्त वजन देतात हे कळतं मला, पण तो आकडा वाचून आजही चिडचिड होते.

हे सगळं मला माहीत होतं. टेलफर्डने त्याला खच्ची का केलं, तर त्याचं सगळं लक्ष धावण्यात राहावं म्हणून, हेही मी नंतर एका जागी वाचलं. नंतर!

आता त्या कार्यालयाबद्दल. नाव लिहीत नाही. तुम्ही गेलात ते तेच की दुसरं, मला माहीत नाही आणि विचारतही नाही. माझ्या अर्जावर मी स्वच्छ अक्षरात लिहिलं होतं, 'फारलॅप या घोड्याची मुंबई इलाख्यात आलेली संतती'. समोरच्या माणसाचा घोड्यांच्या कागदांशी रोजचा संबंध. त्याने अर्ज वाचला, शिक्का मारला, पाचशे रुपये घेतले आणि 'शोध चालू आहे, पुढच्या महिन्यात या' म्हणाला. असं पाच वेळा. पुण्याहून जायचं, जिना चढायचा, बाकावर बसायचं. चौथ्या वेळी तर 'वर्ष नक्की सांगा, म्हणजे सोपं जाईल' असंही सांगितलं. अहो, काय सोपं जाईल? एकदा तरी मान वर करून 'बाई, हा घोडा खच्ची होता' एवढं म्हणायला काय पडत होतं? माझं अज्ञान कबूल आहे, शंभर टक्के. पण अज्ञानाचे दर महिन्याला पैसे घेणं हा वेगळा प्रकार झाला. असो. रक्तदाब वाढतो.

शेवटी उलगडा झाला तो आमच्याच इमारतीत. वरच्या मजल्यावरच्या काकूंचा भाचा जनावरांचा डॉक्टर आहे. गणपतीत आला होता, मी फाइल दाखवली. त्याने पहिलं पान वाचलं आणि हळूच म्हणाला, "मावशी, गेल्डिंग म्हणजे खच्ची." आई शेजारीच बसली होती, वय शहात्तर, कानाने जरा कमी ऐकते, पण हे बरोबर ऐकलं. म्हणाली, "मग पोर कुठलं गं?" आणि इतकी हसली की ठसका लागला. ही सगळी खटपट मी तिच्याच वाढदिवसासाठी चालवली होती.

मग फोटोमागे तसं का लिहिलं असेल? माझा अंदाज सांगते, अंदाजच आहे, पुरावा म्हणून कुणाला दाखवू नका. त्या काळी ऑस्ट्रेलियातून आपल्याकडे घोडे जहाजाने येत. न्यू साउथ वेल्समधून येत म्हणून त्यांना वेलर म्हणत. लष्करालाही तेच लागत. १९३० ते ३२ या काळात ऑस्ट्रेलियात फारलॅपशिवाय दुसरा विषय नव्हता. तिकडून आलेला उंच तांबूस घोडा दिसला की पागेतल्या कुणीतरी 'हा बघा फारलॅपचा' म्हटलं असेल. विकणाऱ्याने तर नक्कीच म्हटलं असेल, भाव वाढतो ना!

थोडी आशा ठेवायचीच असेल तर बापाकडून ठेवा. नाइट रेडची इतर पिल्लं होती. १९२९ चा मेलबर्न कप जिंकलेला नाइटमार्च हा नाइट रेडचाच, आणि त्या शर्यतीत आपला फारलॅप तिसरा आला होता. एन्ट्रीटीलाही आणखी शिंगरं झाली. म्हणजे 'फारलॅपच्या घराण्यातला' हे अशक्य नाही. 'मुलगा' मात्र विसरा.

शोधायचंच असेल तर एक गोष्ट मला फार उशिरा कळली. स्टड बुकात, म्हणजे घोड्यांच्या वंशावळीच्या नोंदवहीत, नोंदी घोडीच्या नावाखाली असतात. घोडीचं नाव, तिच्याखाली वर्षवार तिची शिंगरं, आणि प्रत्येकासमोर बापाचं नाव. त्यामुळे 'अमुक घोड्याचा मुलगा' एवढ्यावर जुन्या छापील पुस्तकात काही हाती लागत नाही. आईचं नाव मिळवा. ते नसेल तर निदान तुमच्या फोटोतल्या घोड्याचं शर्यतीतलं नाव, 'फारलॅपचा' नव्हे, त्याचं स्वतःचं. आजोबांची पगाराची चिठ्ठी, शर्यतीचं जुनं कार्ड, काहीही बघा पेटीत. पेटीच्या तळाला अंथरलेला कागदसुद्धा फेकू नका.

ऑस्ट्रेलियातली जुनी वर्तमानपत्रं 'ट्रोव्ह'वर आणि न्यूझीलंडची 'पेपर्स पास्ट'वर फुकट वाचता येतात. घरबसल्या, जिना न चढता. भारतात निघालेल्या घोड्यांच्या बातम्याही त्यात सापडतात. फक्त इंग्रजी नाव दोन शब्दांत टाका, Phar Lap, फार वेगळा, लॅप वेगळा. मूळ शब्द थाई भाषेकडचा, अर्थ वीज, आणि म्हणतात की कप जिंकणाऱ्यांची नावं दोन शब्दांची आणि सात अक्षरांची असतात म्हणून टेलफर्डने ते मुद्दाम तोडलं. माणसं काय काय मानतात!

तुम्ही मुलाकडे मेलबर्नला जाणार आहात असं लिहिलंय, तर आणखी एक. तिथल्या संग्रहालयात काचेमागे उभा आहे तो पेंढा भरलेला फारलॅप, म्हणजे नुसतं कातडं. सांगाडा न्यूझीलंडला वेलिंग्टनमध्ये, 'ते पापा'त. आणि ६.२ किलोचं काळीज, म्हणजे हृदय, कॅनबेराच्या राष्ट्रीय संग्रहालयाच्या ताब्यात. मोठ्या मनाच्या माणसाला तिकडे आजही फारलॅपच्या काळजाचा म्हणतात. माझी बहीण मेलबर्नला गेली आणि काळीज कुठे दिसत नाही म्हणून पहारेकऱ्याशी वाद घालून आली, म्हणून सांगितलं. कॅनबेराला जाणार असाल तर ते सध्या मांडलेलं आहे का, आधी विचारून घ्या.

पोरांमुळे नाव राहतं असं घोड्यांच्या धंद्यात मानतात. अठराव्या शतकातला इंग्लंडचा एक्लिप्स घ्या, आजच्या बहुतेक थॉरोब्रेड, म्हणजे शर्यतीच्या खास जातीच्या, घोड्यांची बापाकडची साखळी त्याच्यापाशी जाते. फारलॅपच्या खाती एकही शिंगरू नाही. मेक्सिकोत आग्वा कालिएंतेची शर्यत फाटक्या खुराने जिंकून सोळा दिवसांत, ५ एप्रिल १९३२ ला, कॅलिफोर्नियात गेला. मोतद्दार टॉमी वुडकॉक शेवटपर्यंत त्याच्याजवळ होता. केसांच्या तपासणीतून मरणाच्या दीडेक दिवस आधी मोठ्या प्रमाणात आर्सेनिक पोटात गेल्याचं २००८ साली पुढे आलं. मुद्दाम दिलं की टॉनिकातून गेलं, यावर लोक अजून भांडतात. त्या काळी घोड्यांच्या टॉनिकात आर्सेनिक असायचंच. मला त्या भांडणापेक्षा वुडकॉक जास्त आठवतो, आजोबांमुळे असेल.

तर शुल्काची पुढची पावती फाडू नका. फोटो दोन्ही बाजूंनी स्कॅन करून इथे टाका, कुणीतरी जाणकार बघेल. मी जाणकार नाही, फक्त आधी ठेचाळलेली आहे. आणि तो घोडा आहे की घोडी, तेही एकदा नीट बघून घ्या. त्या भाच्याने आमचा फोटो भिंगाखाली धरला, तेव्हा आमचं 'फारलॅपचं पोर' घोडी निघाली.