‘सही करा, नाहीतर…’

प्रश्न : इचलकरंजीत आमचा सायझिंगचा, म्हणजे विणण्याआधी सुताला खळ लावायचा कारखाना आहे. माझे पती आणि त्यांचे मित्र, असे दोघेच भागीदार. पती गेल्या वर्षी वारले. तेव्हापासून भागीदार हिशोब दाखवत नाहीत आणि ‘माझा हिस्सा मिळाला, काही तक्रार नाही’ अशा कागदावर माझी सही मागतात. गेल्या महिन्यात त्यांची दोन माणसं दारात आली. ‘वहिनी, सही करा. पोरगा रात्री क्लासवरून एकटाच येतो ना? एखाद्या दिवशी येणार नाही,’ म्हणाली. पोलिसांनी एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद लिहून घेतली आणि हा धंद्याचा दिवाणी वाद आहे, कोर्टात जा, असं सांगितलं. हायकोर्टातून संरक्षण मिळतं म्हणे. त्यासाठी मुंबईला जावं लागेल का? वकिलाचा खर्च कसा झेपेल?
– एक भगिनी, इचलकरंजी

उत्तर : ताई, सर्वांत आधी, त्या कागदावर सही करू नका. ती माणसं पुन्हा दारात आली तर दार न उघडता ११२ ला फोन लावा.

पोलिसांचं म्हणणं अर्धंच खरं आहे. हिशोबाचा वाद दिवाणी आहे. पोराच्या जिवाची भीती घालून सही मागणं दिवाणी नाही. नुसती धमकी म्हटली की ठाण्यात एनसीवर भागवतात. पण जिवाची भीती घालून हक्क सोडल्याचा कागद करून घ्यायला बघणं हा खंडणीच्या कलमात, म्हणजे भारतीय न्याय संहितेच्या ३०८(४) मध्ये बसणारा दखलपात्र गुन्हा आहे, म्हणजे पोलिसांनी तो थेट नोंदवून तपास करायचा असतो. म्हणून नवा अर्ज लिहा आणि त्यात ते वाक्य जसंच्या तसं उतरवा. कोणत्या कागदासाठी ते बोलले, तारीख, वेळ, घरात तेव्हा कोण होतं, हेही लिहा. समोरच्या दुकानाचा कॅमेरा असेल तर चित्रीकरण आजच मागून घ्या, ते काही दिवसांत आपोआप पुसलं जातं. अर्जाच्या तुमच्या प्रतीवर शिक्का आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय ठाण्यातून निघू नका. तरीही गुन्हा नोंदवला नाही, तर तोच मजकूर स्पीड पोस्टाने पोलीस अधीक्षकांना पाठवा. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे फौजदारी कामकाजाच्या कायद्याच्या कलम १७३(४) नं हा हक्क दिलाय. तिथंही दाद लागली नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

मुंबई गाठायची गरज नाही. १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच कोल्हापुरातच सुरू झालंय. तिथं राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका, म्हणजे पोलिसांना आदेश द्या अशी मागणी करता येते. प्रतिवादी म्हणून शासन, अधीक्षक, पोलीस ठाणे आणि तो भागीदार. न्यायमूर्ती साधारणपणे सरकारी वकिलांना विचारतात, यांचा अर्ज कधी आला आणि तुम्ही काय केलंत? पोच हातात नसेल तर इथंच गाडं अडतं. दारात बंदूकधारी पोलीस सहसा मिळत नाही, आणि मिळालाच तर त्याचं शुल्क भरावं लागू शकतं. त्यापेक्षा नेमकं मागा : धोक्याची पडताळणी, क्लास सुटायच्या वेळी त्या रस्त्यावर गस्त, एका अधिकाऱ्याचा थेट नंबर आणि त्या माणसांवर नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १२६ खाली चॅप्टर केस, म्हणजे शांतता राखण्याचा बाँड लिहून घेण्याची कारवाई.

अशा याचिका माझ्याकडे येतात तेव्हा पानंच्या पानं नफ्यातोट्यानं भरलेली असतात आणि मुलाबद्दलची धमकी कुठंतरी शेवटी सापडते. मला याचा फार त्रास होतो. तुमच्या याचिकेत ती पहिल्या परिच्छेदात आली पाहिजे.

हिशोबासाठी वेगळा दावा लावा. दोघांचीच भागीदारी एकाच्या मृत्यूनं संपते आणि दाव्याची मुदत त्या तारखेपासून ३ वर्षं असते, त्यामुळे थांबू नका. हिशोब न मिटवता त्यांनी कारखाना चालू ठेवला असेल, तर भागीदारी कायद्याच्या कलम ३७ प्रमाणे त्या काळातल्या नफ्यातला वाटा किंवा वर्षाला ६ टक्के व्याज, यातलं तुम्हाला हवं ते मागता येतं.

खर्चाचं म्हणाल तर, विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ नुसार महिलेला मोफत वकील मिळतो, उत्पन्न कितीही असो. कोल्हापूरच्या जिल्हा न्यायालयात प्राधिकरणाचं कार्यालय आहे. जाताना एनसीची प्रत, अर्जाची पोच, भागीदारीचा करार आणि पतींचा मृत्यूचा दाखला बरोबर न्या.